राखणीचा ओ

भाताचा दाणा दुधात आला की आमच्या शेतांवर पोपट उतरतात आणि मला 'ओ' हा शब्द आठवतो. या दोन गोष्टींचा काय संबंध, असं एखाद्याला वाटेल. कर्जत-खोपोलीच्या मधल्या पट्ट्यात, डोंगराच्या पायथ्याशी ज्याने एकदा तरी भात राखलंय, त्याला वाटणार नाही.

आज सकाळी माळ्यावर चढलो. माळा म्हणजे शेताच्या कडेला उभे केलेले चार वासे, वर पेंढ्याचं छप्पर, बसायला एक फळी. चढलो हा शब्दही तसा मोठाच आहे. शिडीने मला सांभाळून वर घेतलं, एवढंच. ओहोळावर धुकं होतं. लोंब्या अजून हिरवट, पण माना टाकायला लागलेल्या. दोन्ही हात तोंडाशी धरून हाकारा घातला, हाऽऽऊ! पोपटांचा थवा उठला, एक वळण घेऊन ओहोळापलीकडे माझ्या थोरल्या भावाच्या शेतावर गेला. मी थांबलो. पलीकडून काही आलं नाही. येणारही नव्हतं. दादा यंदा पनवेलला मुलाकडे आहे, गुडघ्यांनी त्याला तिसऱ्या मजल्यावर अडकवून ठेवलंय, आणि त्या पुतण्याने शेतावर जाळं टाकलंय. जाळं चांगलं आहे. पोपट त्याला घाबरतात. पण जाळं ओ देत नाही.

एवढासा शब्द, पण माझ्या मते आपल्या भाषेतला सगळ्यात निर्मळ. 'हो' म्हटलं की माणूस अडकतो. 'नाही' म्हटलं की वाईट दिसतो. 'ओ' म्हटल्याने कसलंच आश्वासन दिलं जात नाही. कुणीतरी हाक मारली, ती पोचली आणि आपण आहोत, एवढंच त्यातून कळतं. पुढचं पुढे. आई मागच्या दाराशी उभी राहून हाक मारायची तेव्हा आमचा ओ आवाजावरूनच ओळखू यायचा. झाडावरून दिलेला ओ लांबट आणि हलता. भूक लागलेली असली तर ओ हाकेच्या आधीच तयार. आणि गुळाच्या डब्यात हात असताना दिलेला ओ इतका गोड निघायचा की आई पुढे काही न विचारता छडीच शोधायची.

आता ओ कुठे उरलाय? चौकातल्या फलकावर. 'जनतेच्या हाकेला ओ देणारे नेतृत्व' असं लिहून खाली हात जोडलेला फोटो. रस्त्यात हाक मारून बघा, गाडीची काच वर जाते. दुसरा ओ टेंपोवाल्याचा, "ओ काका, सरका की जरा!" हा तर उलटाच ओ, उत्तर नसून ढोसणी. फोनवर कुणी ओ देत नाही. तिथे हॅलो असतं, नाहीतर नुसतं "बोल". माझी मुलगी डोंबिवलीहून रोज फोन करते आणि म्हणते, "बाबा, बोला ना." मी म्हणतो, "बोलतोय की." मग ती म्हणते, "ठेवू मग?"

राखणीचा ओ मात्र कामाचा होता. पोपट एका शेतातून उठले की शेजारच्या शेतात उतरतात, म्हणून उठवणाऱ्याने हाकारा घालायचा आणि शेजाऱ्याने ओ द्यायचा. ओ आला म्हणजे तो जागा आहे, सावध झाला. मग त्याचा हाकारा, त्याच्या शेजाऱ्याचा ओ, असं करत ते नदीपर्यंत जायचं. आमच्या लहानपणी सकाळी सकाळी सगळं शिवार ओरडत असायचं. यात एक अलिखित नियम होता, आणि तो फार शहाण्या माणसांनी केलेला असावा. भांडण, वैर, बांधाचा तंटा, काही असो. राखणीत ओ द्यायचाच. कारण राखणीचा ओ म्हणजे बोलणं नव्हे. अबोला मोडत नाही त्याने. एकमेकांचं तोंड न बघणारी माणसं नवरात्रापासून दिवाळीपर्यंत दिवसभर एकमेकांना ओ देत बसायची, आणि संध्याकाळी पायवाटेवर समोर आली की थुंकून बाजूला व्हायची.

हा नियम माझ्या एवढा उपयोगी पडेल असं तेव्हा वाटलं नव्हतं. पण पुढे मी माइक हातात घेतला.

दादाच्या मुलीचं लग्न होतं. पंगतींना बोलावण्याचं काम माझ्याकडे, कारण माझा आवाज मोठा. हे काम मी इतक्या रंगात येऊन केलं की लोक जेवायचे थांबून ऐकत होते. मधेच आचारी जवळ आला, भात कमी पडेल का विचारायला. मी माइकचं बटण दाबलं, स्पीकरमधून काही ऐकू येत नाही याची खात्री केली आणि त्याला म्हणालो, "त्या व्याह्यांकडे लक्ष ठेव. पोट नाही ते, कणगी आहे. आमच्या वर्षाच्या भाताचं तो आजच वाटोळं करणार." व्याह्यांचा घास हातात राहिला. शेजारच्या वाडीतल्या लोकांनीसुद्धा ते ऐकलं, असं नंतर कळलं. तिकडच्या झाडावर एक कर्णा बांधलेला होता.

त्या दिवसापासून दादा माझ्याशी बोलला नाही. मी माफी मागायला गेलो तर उठून गोठ्यात गेला. पुन्हा गेलो, पुन्हा गोठ्यात. शेवटी म्हशीलाच माझा कंटाळा आला. पण भात दुधात आलं, मी भीत भीत हाकारा घातला आणि ओहोळापलीकडून आला, "ओऽऽ!" खणखणीत, लहानपणीच्यासारखा. तेव्हापासून वर्षातून एवढाच आमचा संबंध. आजूबाजूची शेतं एकेक करून फार्महाऊसवाल्यांकडे गेली. तिथे हिरवळ लागली, शनिवारी गाणी वाजायला लागली. उरलेल्यांनी चमचमत्या पट्ट्या बांधल्या. हाकारे घालणारे आम्ही दोघंच राहिलो, तो ओहोळापलीकडे, मी अलीकडे. दोन म्हातारे, न बोलता, एकमेकांना सांगत होते की आहे, आहे.

आणि मग माझी बायको गेली, सुनंदा. पावसाच्या आधी. तिच्या कार्याला दादा आला, कोपऱ्यात बसला, जाताना माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि काही न बोलता गेला. त्यानंतरचा भाताचा हंगाम मला या दिवसांत आठवत राहतो.

घरात हाक मारणारं माणूस नसलं की ओ साचून राहतो. हे कुणी सांगितलं नव्हतं. सुनंदाने जन्मात मला नावाने हाक मारली नाही. "अहो, ऐकलं का" हेच माझं नाव. एकदा मी भाकरीचं पीठ मळत होतो. बाहेर टीव्ही चालू, मोठ्या आवाजात. मालिकेतली कुणी बाई म्हणाली, "अहो, ऐकलंत का?" आणि मी "ओ, आलो" म्हणून पिठाच्या हाताने बाहेर आलो. पडद्यावरची बाई तिच्या नवऱ्याकडे बघत होती. नवरा पेपर वाचत होता, त्याने ओ दिला नाही. मला त्याचा असा राग आला की मी टीव्ही बंद केला, आणि मग बटणाला लागलेलं पीठ पुसत बसलो.

म्हणून त्या वर्षी राखणीची मी वाट पाहत होतो. रानडुकरं शिरू नयेत म्हणून शेताभोवती जुन्या साड्या बांधायची आमच्याकडे पद्धत आहे. घरात कपाटभर साड्या होत्या. मी खोपोलीला जाऊन हिरवी जाळी विकत आणली. माळा बांधला, फळी टाकली आणि पहिल्या सकाळी हाकारा घातला.

ओ आला नाही.

वाटलं, दादा अजून आला नसेल. पण ओहोळापलीकडे त्याचा पांढरा टॉवेल दिसत होता. पुन्हा घातला. नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. पोपटसुद्धा त्या वर्षी लबाड झाले होते, आवाज न करता यायचे आणि आवाज न करता जायचे. मला वाटलं, सगळ्यांनी मिळून ठरवलंय.

माणसाने किती बालिश असावं याला वय आड येत नाही. मी दादाकडे पाठ करून बसायला लागलो. फळी उचलून उलट्या दिशेला ठोकली. हाकारा घालायचा तो डोंगराकडे तोंड करून. मनात भाषणं चालायची. बायको गेलेल्या माणसाशी असं वागतात का? एवढा एक ओ होता, तोही तुला जड झाला? तुझा व्याही एवढं खातो त्यात माझा काय दोष? दुपारी डबा उघडून एकटाच गिळायचो आणि पाठीवर, नेमकं दोन खांद्यांच्या मधे, ते शेत जाणवत राहायचं. रागावायला माणूस समोर नसला की राग लवकर संपतो आणि खाली जे असतं ते वर येतं. दादाने ओ बंद केला, तर मी आहे हे आता कोणाला माहीत आहे, असला काहीतरी विचार मला भर उन्हात यायचा आणि पोपट खुशाल भात खायचे.

मग एक दिवस वहिनी आली. दादाची बायको. अबोला दादाचा, तिचा नाही. ती लग्न होऊन आली तेव्हा मी शाळेत होतो, त्यामुळे ती मला अजून फार मोठा समजत नाही. बांधावर उभी राहून तिने माळ्याच्या वाशाला विळ्याची मूठ ठोकली.

"भावजी, कवाधरनं हाका मारते. खाली उतरा."

"काय झालं?"

"तुमी यांना ओ का नाय देत?"

मी शिडीवर अर्ध्यात थांबलो. "मी? मी देत नाही? वहिनी, उलटं बोलू नकोस. रोज हाकारे घालतोय मी. त्यालाच विचार. आता राखणीतसुद्धा अबोला धरणार का म्हणावं."

"काय बोलताय काय! वरडून वरडून गळा बसलाय त्यांचा. रातच्याला हळदीचं दूध पाजतेय. आज चा मागितला तो पन हातानं खुणा करून. मला वाटलं लकवा मारला का काय!" तिने पदराने कपाळ पुसलं. "आन मलाच म्हणतात, जा, बघून ये त्याला काय झालंय. बायको गेली त्याचा राग माज्यावर काढतोय का इचार."

"खोटं."

"मला काय पडलंय खोटं बोलायचं? घाला हाकारा माज्यासमोर."

मी घातला. जोरात, तिला दाखवायला म्हणून. मग तिच्याकडे बघितलं, बघ, आहे का काही?

"दिला की!" ती म्हणाली.

"काय दिला?"

"ओ दिला! घोगरा हाय, पन दिला. तुमाला ऐकायला नाय आला?" मग तिचा आवाज उतरला. "भावजी, तिकडं बघा बरं."

मी वळलो. त्या हंगामात पहिल्यांदाच नीट वळून बघितलं. ओहोळापलीकडे दादा माळ्यावर उभा होता. दोन्ही हात तोंडाशी, मान वर, अंग थोडं पुढे झुकलेलं. तोंड उघडलं. मिटलं. थोडा दम घेतला आणि पुन्हा उघडलं. त्याच्या डोक्यावरून पोपट जात होते, चोची उघडत मिटत. आणि मला त्यातलं काही, काही म्हणजे काहीच ऐकू येत नव्हतं.

ओ मी आयुष्यभर ऐकला होता. तो दिसतो कसा, हे तेव्हा कळलं.

खोपोलीच्या डॉक्टरांनी मला काचेच्या खोलीत बसवलं, कानांवर वाट्या चढवल्या आणि हातात बटण दिलं. आवाज आला की दाबायचं. परीक्षा म्हटली की मला पहिल्यापासून पास व्हायची घाई. मी धडाधड दाबत सुटलो. डॉक्टरांनी दार उघडून सांगितलं, "काका, मी अजून सुरू केलेलं नाही."

निकाल लागायचा तो लागला. "हे आजचं नाही," ते म्हणाले. "बरीच वर्षं हळूहळू गेलंय. कुठे होतात कामाला?"

"साजगावला. कारखान्यात. पत्रा ठोकायच्या खात्यात."

"घरात कुणी म्हणालं नाही, तुम्हाला कमी ऐकू येतं म्हणून?"

"म्हणाली असेल," मी म्हणालो. "ऐकू आलं नसेल."

डॉक्टर हसले. मीही हसलो, विनोद बरा झाला होता. मग रिक्षात बसल्यावर तो विनोद माझ्या अंगावर आला. मोरीतून, मागच्या दारातून, शेवटी शेवटी कॉटवरून, सुनंदाने मारलेल्या आणि माझ्यापर्यंत न पोचलेल्या हाका किती असतील? "ऐकूनही ओ देत नाही, असला माणूस" असं ती शेजारणीला सांगायची. मला वाटायचं कौतुकाने सांगते. मांडवातला तो माइकसुद्धा तेव्हाच आठवला. म्हणजे तो चालू होता आणि मला ऐकू आला नव्हता. पुरावा माझ्या बाजूचा होता, पण व्याह्यांना कणगी म्हटल्याचा गुन्हा बहिरेपणाने माफ होईल असं वाटेना, म्हणून मी तो कुणाला दाखवला नाही.

मशीन यायला थोडे दिवस लागणार होते. दादाचाही गळा पुरता गेला. त्या दिवसांत त्याने एक युक्ती काढली. माझा हाकारा झाला की तो माळ्यावर उभा राहून टॉवेल फिरवायचा. मी फळी पुन्हा त्याच्याकडे तोंड करून ठोकली. त्याने टॉवेल फिरवला की मीही माझा फिरवायचो. फार्महाऊसवर आलेल्या एका पाहुण्याला वाटलं आम्ही त्याला बोलावतोय. त्यानेही हात हलवला.

मग मशीन आलं. कानात घातलं आणि जगाने माझ्यावर हल्ला केला. चपला वाजत होत्या. पिशवी वाजत होती. बंद पडलंय समजून मी ज्याच्याकडे बघणं सोडलं होतं ते घड्याळ टकटक चालू होतं. पापड खाल्ला तर डोक्यात कौलं फुटली. अर्धा दिवस मी घरभर फिरून गोष्टी वाजवून पाहिल्या, भांडं, कडी, नळ. आणि संध्याकाळी सगळं वाजवून झाल्यावर कळलं की मी थांबलो की घर थांबतं. आतापर्यंत घर शांत आहे की मी बहिरा, असा एक संशय तरी होता. मशीनने तो मिटवला. मी ते काढून डबीत ठेवलं आणि दोन दिवस हात लावला नाही.

वहिनीने ओरडून ओरडून पुन्हा घालायला लावलं. "शेतात घालून जा. ते वाट बघतात."

लवकर येणारं हळवं भात कापून झालं होतं, उशिरा येणारं गरवं उभं होतं, पिवळं. माळ्यावर चढलो, दादाला टॉवेल दाखवला. तो वाऱ्याने हातातून सुटला आणि खाली भातात पडला. मी उतरून तो शोधत होतो, कमरेएवढ्या भातात वाकून, लोंब्या कानापाशी सळसळत होत्या, आणि तेवढ्यात ओहोळापलीकडून हाकारा आला.

मला वाटलं होतं, तोच आवाज येईल, खणखणीत. इतकी वर्षं माझ्या डोक्यात दादाचा तोच आवाज होता. जो आला तो एका म्हाताऱ्याचा होता. मधेच फाटलेला, शेवटाला दम न पुरलेला. हा माणूस रोज असा ओरडत होता, आणि मी त्याच्याकडे पाठ करून बसलो होतो. मी तिथेच भातात खाली बसलो. ऐकण्याच्या नादात ओ द्यायचा राहून गेला.

पुन्हा हाकारा आला. मग थोडा वेळ काही नाही. माळ्यावर मी दिसत नव्हतो, टॉवेल हलत नव्हता.

"बाळ्याऽऽ!"

मी चमकलो. हा हाकारा नव्हता. राखणीच्या नियमात हे बसत नव्हतं.

"ए बाळ्याऽऽ! पडलास का रं?"

आता ओ अगदी ओठावर आला होता. दिला असता तर लगेच पोचला असता. पण ओ दिला की हाक संपते. आणि मला कुणी नावाने हाक मारून किती काळ झाला होता! मी तोंड मिटलं. लबाडी होती, माहीत आहे मला.

"बाळ्या! अरं, ओ दे की!"

ओहोळातल्या पाण्यात पाय पडल्याचा आवाज आला. मग काठी दगडावर घसरल्याचा. मग एक शिवी, मग पुन्हा माझं नाव, आधीपेक्षा जवळून. मी गुडघे पोटाशी घेऊन, श्वाससुद्धा सावकाश घेत, भातात बसून ऐकत राहिलो.